म्यूहे आणि टुकूर: एकाच चित्रपटातले दोन उलरिख

पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांवरचा ‘द लाइव्ह्ज ऑफ अदर्स’ (2006) हा जर्मन चित्रपट ज्यांनी पाहिला आहे, त्यांना माळ्यावर बसून एका नाटककाराचे घर चोरून ऐकणाऱ्या कॅप्टन व्हीस्लरची ओळख करून देण्याची गरज नाही. ती भूमिका उलरिख म्यूहे यांची. त्याचा वरिष्ठ अधिकारी ग्रुबिट्स साकारला तो उलरिख टुकूर यांनी. नाव एक, वयात चार वर्षांचे अंतर आणि खाते एकच, तेव्हा क्षणभर गल्लत होणे समजण्यासारखे आहे. चेहरे मात्र दोन प्रसंगांत वेगळे ओळखू येतात, त्यामुळे त्यावर शब्द खर्च करत नाही.

मला खुपते ते दुसरेच. हे दोघेही पूर्व जर्मनीत वाढलेले, तिथली राजवट सोसलेले नट असल्याचे बिनदिक्कत लिहिले जाते आणि चित्रपटाच्या अस्सलपणाचे श्रेय त्या समजुतीला दिले जाते. हे फक्त म्यूहे यांच्याबाबतीत खरे आहे. 1953 साली साक्सनीतील ग्रिमा येथे जन्मलेल्या म्यूहे यांनी लष्करी सेवेत बर्लिनच्या भिंतीवर पहारा दिला, पुढे लाइपझिगला नाट्यशिक्षण घेतले आणि नाटककार हाइनर म्युलर यांच्यामुळे ते पूर्व बर्लिनच्या रंगभूमीवर आले. भिंत पडण्याच्या पाच दिवस आधी, 4 नोव्हेंबर 1989 रोजी, पूर्व बर्लिनच्या आलेक्झांडरप्लाट्झ चौकातील राजवटीविरोधी प्रचंड सभेत बोलणाऱ्यांमध्ये तेही होते. व्हीस्लरसाठी तयारी कशी केली, या प्रश्नावर आपण फक्त आठवले, असे त्यांनी सांगितले होते.

टुकूर यांच्याकडे आठवण्यासारखे यातले काहीच नव्हते. त्यांचा जन्म 1957 साली पश्चिम जर्मनीतील हेसन प्रांतात, फिर्नहाइम येथे झाला आणि विद्यापीठाचे शिक्षण ट्यूबिंगेनला. ‘श्टामहाइम’ (1986) मध्ये त्यांनी डाव्या दहशतवादी गटाचा म्होरक्या आंद्रेआस बाडर साकारला, तो दहशतवादही पश्चिम जर्मनीनेच भोगलेला. म्हणूनच ग्रुबिट्स हे त्यांचे मोठे काम आहे, असे मी ठामपणे म्हणेन. उपाहारगृहात एक तरुण अधिकारी पूर्व जर्मनीचा सर्वोच्च नेता होनेकर याच्यावर विनोद सांगू लागतो, तेव्हा ग्रुबिट्स आधी त्याला धीर देतो, मग त्याचे नाव आणि विभाग विचारून त्याचा चेहरा पांढराफटक करतो आणि लगेच स्वतःच हसू लागतो. त्या हसण्यातली दहशत नटाने कमावलेली आहे. तिला जगलेला अनुभव म्हणणे म्हणजे त्याची मेहनत नाकारणे. या भूमिकेसाठी टुकूर यांना साहाय्यक अभिनयाचा, तर म्यूहे यांना प्रमुख अभिनयाचा जर्मन चित्रपट पुरस्कार मिळाला, हेही अनेकदा उलटसुलट छापले जाते.

व्हीस्लरवरून ‘सदसद्विवेक जागा होतो तो म्यूहे’ अशी खूण कोणी बांधली असेल, तर ती सोडून द्यावी. कोस्टा-गाव्रास यांच्या ‘आमेन’ (2002) मध्ये हेच दोघे आहेत आणि पारडे नेमके उलटे आहे: विषारी वायूच्या हत्याकांडाची वार्ता जगाला कळावी म्हणून तडफडणारा, हिटलरच्या एसएस दलातला अधिकारी कुर्ट गेर्स्टाइन टुकूर यांनी केला आहे, आणि निर्विकार थंडपणाने वावरणारा डॉक्टर म्यूहे यांनी.

दूरचित्रवाणीवरचा फरक सोपा आहे. 1998 पासून ‘डेर लेट्स्टे त्सॉइगे’ या मालिकेत न्यायवैद्यक तज्ज्ञ डॉ. कोल्मार होते ते म्यूहे. 2010 पासून ‘टाटओर्ट’ या गुन्हेशोध मालिकेत वीसबाडेनचा तपास अधिकारी मुरोट करतात ते टुकूर.

मिषाएल हानेके यांच्या चित्रपटांत मात्र जाणकारही घसरतात. ‘बेनीज व्हिडिओ’, ‘फनी गेम्स’ आणि काफ्काच्या कादंबरीवरचा ‘द कॅसल’ हे तिन्ही म्यूहे यांचे. ‘द व्हाइट रिबन’ (2009) मधला जमीनदार टुकूर यांनी केला आहे. ‘फनी गेम्स’मध्ये म्यूहे यांच्यासोबत असलेल्या त्यांच्या पत्नी सुझाने लोथार ‘द व्हाइट रिबन’मध्येही सुईणीच्या भूमिकेत आहेत, म्हणून अनेक जण नवऱ्यालाही तिथे शोधतात, पण म्यूहे 22 जुलै 2007 रोजीच, वयाच्या 54व्या वर्षी, कर्करोगाने गेले होते.