पोलीस भरतीत अपात्र ठरल्यास दाद कुठे व कशी मागावी

मैदानी आणि लेखी परीक्षा पार करून निवड यादीत नाव आल्यावर चारित्र्य पडताळणीत अपात्र ठरण्याची वेळ रत्नागिरी-सिंधुदुर्गातील काही उमेदवारांवर येते, आणि त्यामागे कधी कधी शिमग्यात पालखीच्या मानावरून झालेल्या भांडणात इतरांबरोबर नोंदले गेलेले नाव एवढेच कारण असते. अशा वेळी शिफारशींमागे धावण्यात महिने घालवू नयेत. अपात्रतेचा आदेश लेखी मिळवावा. तो मिळत नसल्यास पोलीस अधीक्षक कार्यालयातील जन माहिती अधिकाऱ्याकडे माहितीच्या अधिकाराखाली अर्ज करावा, ज्याचे उत्तर ३० दिवसांत देणे बंधनकारक आहे.

पोलीस शिपाई हे राज्य शासनाचे पद असल्याने प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम १९ खालील मूळ अर्ज महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या, म्हणजे मॅटच्या, मुंबई येथील मुख्य खंडपीठापुढे करावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालामुळे उच्च न्यायालयाचा टप्पा मॅटनंतरच येतो. त्यासाठी रत्नागिरी आणि सिंधुदुर्गकरांना ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचे सर्किट बेंच आहे, रायगडकरांना मात्र मुंबईच.

कलम २१ प्रमाणे मुदत एक वर्षाची आहे. निवेदनांवर निवेदने दिल्याने ती वाढत नाही, आणि उशीर झालाच तर विलंबमाफीचा स्वतंत्र अर्ज सबळ कारणांसह जोडावा लागतो.

प्रकरण खरे तर साक्षांकन नमुन्यावर, म्हणजे चारित्र्य पडताळणीसाठी उमेदवाराने स्वतःची माहिती भरून दिलेल्या नमुन्यावर, उभे राहते किंवा कोसळते. गुन्ह्याविषयीच्या रकान्यापुढे आपल्या हाताने ‘नाही’ लिहून खाली सही केलेली असेल, तर नंतरची निर्दोष मुक्तताही आपोआप तारत नाही. मात्र अवतार सिंग प्रकरणात २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, गुन्हा किरकोळ असेल तर माहिती दडवल्याकडे नियोक्ता आपल्या विवेकाधिकारात दुर्लक्ष करू शकतो, आणि जी माहिती नमुन्यात विचारलीच नव्हती ती दडवल्याचा ठपका ठेवता येत नाही. खरी माहिती दिलेल्या उमेदवाराची बाजू अर्थातच भक्कम असते, तरी नियुक्तीचा हक्क तेवढ्याने मिळत नाही. म्हणून भरलेल्या नमुन्याची प्रत जपून ठेवा, असे मी प्रत्येकाला कळकळीने सांगतो.

अर्जासोबत जाहिरात, आवेदनपत्र, साक्षांकन नमुना, अपात्रतेचा आदेश, प्रथम खबर, दोषारोपपत्र, न्यायालयीन निकालाची प्रमाणित प्रत आणि दिलेल्या निवेदनांच्या पोचपावत्या जोडाव्यात. वाद उंचीच्या मोजमापाचा असेल, तर मैदानावर त्याच दिवशी लेखी हरकत देऊन तिची पोच घ्यावी.

वकील देणे सक्तीचे नाही, कलम २३ नुसार स्वतः बाजू मांडता येते. मूळ अर्जातच अंतरिम आदेशाची मागणी करून निकाल लागेपर्यंत आपल्या प्रवर्गातील एक पद रिक्त ठेवण्याची विनंती करावी, कारण पदे भरली गेल्यावर निवड झालेल्या उमेदवारांनाही प्रतिवादी करावे लागण्याची वेळ येते.