आयएनएस हंसा

गोव्यातील दाबोळी येथील भारतीय नौदलाचा हवाई तळ. मुरगाव तालुक्यात, वास्को शहरालगतच्या जांभ्या दगडाच्या पठारावर तो वसला आहे. प्रवासी ज्याला दाबोळी विमानतळ म्हणतात तो याच तळाचा नागरी भाग होय. धावपट्टी आणि हवाई वाहतूक नियंत्रण नौदलाकडे, तर टर्मिनल भारतीय विमानतळ प्राधिकरणाकडे आहे.

विमानवाहू नौकेवरची विमाने कायम नौकेवर राहत नाहीत. नौका दुरुस्तीसाठी गोदीत गेली की स्क्वाड्रन म्हणजे विमानांचे पथक किनाऱ्यावर उतरते. तिथेच विमानांची मोठी देखभाल होते, नवे वैमानिक तयार होतात आणि जुन्यांचा हात चालू राहतो. हंसाची स्थापना याच गरजेतून झाली. आयएनएस विक्रांत ही विमानवाहू नौका 4 मार्च 1961 रोजी बेलफास्ट येथे नौदलात दाखल झाली. तिच्यावरची सी हॉक ही लढाऊ जेट विमाने आणि अलिझे ही पाणबुडीविरोधी विमाने ठेवण्यासाठी 5 सप्टेंबर 1961 रोजी कोइमतूरजवळ सुलूर येथे हंसा कार्यान्वित झाला. नौदलाचा पहिला हवाई तळ मात्र हा नव्हे. तो मान कोचीच्या आयएनएस गरुडचा (1953). सुलूर समुद्रापासून बरेच आत असल्याने ती सोय कायमची ठरणार नव्हतीच.

दाबोळीची धावपट्टी पोर्तुगिजांची. भारताने गोव्याची नाकेबंदी केल्यावर 1950च्या दशकात त्यांनी ती बांधली आणि 1955 पासून पोर्तुगीज वसाहतीची स्वतःची विमान कंपनीही तिथून उड्डाणे करू लागली. 18 डिसेंबर 1961 रोजी गोवा मुक्तीच्या कारवाईत हवाई दलाच्या 12 कॅनबेरा विमानांनी या धावपट्टीवर सुमारे 63,000 पौंड बॉम्ब टाकले. टर्मिनल आणि नियंत्रण मनोरा जाणूनबुजून वगळला होता. तिथे उभी असलेली एक सुपर कॉन्स्टेलेशन आणि एक स्कायमास्टर विमान शाबूत राहिले आणि त्याच रात्री धावपट्टीच्या उरलेल्या तुकड्यावरून उडून कराचीला निसटले. एप्रिल 1962 मध्ये नौदलाने विमानतळ ताब्यात घेतला आणि जून 1964 मध्ये हंसा सुलूरहून इथे आला.

नौकेवर उतरण्याचा सराव जमिनीवर कसा करायचा, हा अशा तळाचा रोजचा प्रश्न. सी हॉकच्या काळात उत्तर होते आरसा. धावपट्टीच्या कडेला मोठा अंतर्गोल आरसा ठेवून त्यावर पिवळट प्रकाश टाकत आणि दोन्ही बाजूंना हिरव्या दिव्यांची ओळ लावत. वैमानिकाने आरशातला ठिपका हिरव्या ओळीच्या रेषेत ठेवायचा. ठिपका वर दिसला तर विमान उंचावर, खाली दिसला तर धोक्याइतके खाली. साधे विमान जमीन जवळ येताच नाक उचलून अलगद टेकते. इथे तसे करायचे नाही. ठरलेल्या उताराने येऊन चाके जवळजवळ आपटायची, कारण नौकेवर विमानाचा हूक अडकवून त्याला थांबवणाऱ्या आडव्या तारा असतात आणि अलगद टेकू पाहणारे विमान त्यांच्या पुढे निघून जाते. चाके टेकताच इंजिन पूर्ण जोरावर न्यायचे. हूक तारेत अडकला नाही तर पुन्हा हवेत उठण्यासाठी लागणारा जोर आधीच हाताशी हवा. जमिनीवरच्या सरावाची उणीव उघड आहे: धावपट्टी हलत नाही आणि नौकेमागची खवळलेली हवा तिथे नसते.

तारा आणि उड्डाणाचा चढ जमिनीवर मिळायला 2014 उजाडले. त्या वर्षी तळावर किनारी चाचणी सुविधा सुरू झाली. तिच्यात नौकेसारखा स्की-जंप म्हणजे टोकाशी वर वळलेला मार्ग, विमान थांबवणाऱ्या तारा आणि उतरण्यासाठीची प्रकाशयोजना आहे. 20 डिसेंबर 2014 रोजी कमोडोर जयदीप मावळणकर यांनी नौदलाच्या तेजसचे पहिले स्की-जंप उड्डाण इथूनच केले. तारेत हूक अडकवून थांबण्याची तेजसची पहिली चाचणी 13 सप्टेंबर 2019 ची. त्यानंतर चारच महिन्यांत ते आयएनएस विक्रमादित्य या विमानवाहू नौकेवर उतरले. 2022 मध्ये राफेल-एम आणि सुपर हॉर्नेट या परदेशी विमानांनीही याच स्की-जंपवर परीक्षा दिली. पुढे 2025 मध्ये राफेल-एमच्या खरेदीचा करार झाला.

सी हॉकची जागा डिसेंबर 1983 पासून सी हॅरियरने घेतली. सी हॅरियर मे 2016 मध्ये निवृत्त झाले. त्याआधी 2013 मध्येच मिग-29के या लढाऊ विमानांची स्क्वाड्रन इथे उभी राहिली होती. दूरच्या सागरी टेहळणीची आयएल-38 विमाने 1977 ते 2023 इथे होती. त्या स्क्वाड्रनच्या रौप्यमहोत्सवी दिवशी, 1 ऑक्टोबर 2002 रोजी, दोन आयएल-38 हवेत एकमेकांवर आदळून कोसळली. 2022 पासून पी-8आय या टेहळणी विमानांची एक स्क्वाड्रनही हंसावर आहे. 1988 मध्ये आलेली टीयू-142 ही अवाढव्य विमाने मात्र 1992 मध्ये तमिळनाडूतल्या आरक्कोणमला हलली.

पक्षी ही इथली जुनी डोकेदुखी. पावसाळ्यात धावपट्टीलगतच्या गवतात किडे आणि गांडुळे वर येतात, त्यामागे पक्षी. आसपास उघड्यावर टाकलेला मासळीचा कचरा घारींना बोलावतो. पक्षी इंजिनात गेला की पात्यांना खाचा पडतात, हवेचा प्रवाह बिघडतो आणि इंजिन विझते किंवा पेट घेते. दोन इंजिने असली तरी थव्यापुढे ती पुरतात असे नाही. 16 नोव्हेंबर 2019 रोजी एका मिग-29के च्या उजव्या इंजिनाला आग लागली आणि डावे विझले. विमान वेर्ण्याजवळ पडले. दोन्ही वैमानिक आसनासह बाहेर फेकले जाऊन बचावले.

आठवड्याच्या कामाच्या दिवशी सकाळचे काही तास नौदलाच्या उड्डाणांसाठी राखून ठेवल्यामुळे नागरी विमानांची दुपारी आणि रात्री गर्दी होई. जानेवारी 2023 मध्ये पेडणे तालुक्यात मोपा येथून प्रवासी उड्डाणे सुरू झाल्यावर हा भार वाटला गेला. दाबोळीचे टर्मिनल बंद झालेले नाही. तळाजवळच बोगमाळो रस्त्यावर नौदलाचे विमान संग्रहालय आहे. तिथल्या उघड्या आवारात सी हॉक, अलिझे आणि नौदलाने हवाई दलाकडून घेतलेले एक सुपर कॉन्स्टेलेशन पाहायला मिळते.