एकटा माणूस आणि त्याचाच कॅमेरा

निर्जन रानात एकट्याने राहायचं आणि ते स्वतःच चित्रित करायचं, हे आता टीव्हीवर सर्रास दिसतं. माहितीपटाच्या सुरुवातीच्या काळात मात्र रानातला माणूस वेगळा आणि कॅमेरावाला वेगळा असे. रॉबर्ट फ्लॅहर्टी यांच्या १९२२ सालच्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’मध्ये उजेडासाठी अर्धवट इग्लू (बर्फाचं घर) बांधून आतली दृश्यं घेतली होती आणि बंदूक वापरणारे इनुइट, म्हणजे उत्तर ध्रुवाकडचे मूळ रहिवासी, भाल्याने शिकार करताना दाखवले होते. पडद्यावरचं किती खरं, हा वाद तेव्हापासूनचा.

कॅमेरा त्या एकट्या माणसाच्याच हाती आला, हा या इतिहासातला मोठा टप्पा. १९६८ साली पन्नाशी ओलांडलेले डिक प्रोएनेके अलास्कातल्या ट्विन लेक्सकाठी गेले आणि त्यांनी हाताने लाकडी घर बांधलं. हत्यारांची फक्त पाती नेली, दांडे तिथेच तासले. सोबत १६ मिमीचा बोलेक्स कॅमेरा होता. त्याला बॅटरी लागत नाही, चावी द्यावी लागते. एका चावीत जेमतेम अर्धा मिनिट चित्रण होतं. शंभर फुटांचं रीळ पावणेतीन मिनिटांत संपतं. चावी द्यायची, तिवईवरचा कॅमेरा सुरू करायचा, ओंडक्यापाशी जाऊन करवत चालवायची आणि बंद करायला परत यायचं. त्यांची दृश्यं इतकी नेटकी आहेत की या येरझाऱ्या कळतही नाहीत. मला तेच त्यांचं खरं कसब वाटतं. या चित्रणावरचा ‘अलोन इन द विल्डरनेस’ हा माहितीपट त्यांच्या निधनानंतर, २००४ मध्ये आला.

हलके व्हिडिओ कॅमेरे आले आणि रिळांची काटकसर संपली. टिमोथी ट्रेडवेल यांनी अलास्कातल्या कटमाई राष्ट्रीय उद्यानातल्या अस्वलांचं शंभर तासांहून अधिक चित्रण केलं. २००३ मध्ये अस्वलाच्या हल्ल्यात ते आणि त्यांची मैत्रीण दोघंही मरण पावले. जर्मन दिग्दर्शक वेर्नर हर्झॉग यांनी त्या चित्रणातून ‘ग्रिझली मॅन’ हा माहितीपट केला. स्वतःला एकटं म्हणवणाऱ्या ट्रेडवेल यांच्यासोबत ती होती, हे त्यात दिसतं.

कॅनडाच्या लेस स्ट्राउड यांनी २००४ च्या ‘सर्व्हायव्हरमॅन’मध्ये सोबत चित्रीकरण पथक न घेता सात-सात दिवस काढले. चालत दूर जाण्याचं एक दृश्य घ्यायचं तर कॅमेरा लावून पुढे जायचं, तो उचलायला मागे यायचं आणि पुन्हा तीच वाट तुडवायची. एक अंतर तीनदा, तेही उपाशीपोटी! अंगातली ताकद जपणं हा तगून राहण्याचा पहिला नियम, आणि कॅमेरा नेमका तोच मोडायला लावतो. हा खर्च स्ट्राउड यांनी प्रेक्षकांपासून लपवला नाही, म्हणून त्यांच्यावर विश्वास बसतो.

२०१५ पासून ‘अलोन’ या अमेरिकी मालिकेने याची स्पर्धा केली. स्पर्धक एकमेकांपासून दूर, प्रत्येकाचं चित्रण त्याच्याच हाती. माघार घ्यायची तर उपग्रह फोन असतो. डॉक्टर मधूनमधून येऊन तपासतात आणि उपासमारीने प्रकृती फार ढासळली तर स्पर्धकाची इच्छा नसली तरी त्याला बाहेर काढतात.