कँटोनीज मारधाडपट: चित्र सुधारलं, आवाज का हरवला?

हाँगकाँगच्या जुन्या मारधाडपटाची ब्लू-रे लावली की चित्र लख्ख दिसतं, पण ठोशाचा आवाज भलत्याच काळातला वाटतो. याचं मूळ हे चित्रपट बनवण्याच्या पद्धतीत आहे.

तिथे नव्वदच्या दशकापर्यंत बहुतेक चित्रपटांचं चित्रीकरण आवाज न टिपताच होई. संवाद, पावलं, हवेत फिरणाऱ्या हाताचा सूंऽऽ आवाज, सगळं नंतर स्टुडिओत भरलं जाई. सत्तरच्या दशकाच्या आरंभी तर कँटोनीज, म्हणजे हाँगकाँगची बोलीभाषा, पडद्यावरून जवळपास हद्दपार झाली होती. ब्रूस लीचा ‘द बिग बॉस’ (1971) आधी मँडरिनमध्येच, म्हणजे चीनच्या प्रमाणभाषेतच लागला. 1973च्या ‘द हाउस ऑफ 72 टेनंट्स’ने कँटोनीज परत आणली. ‘प्रोजेक्ट ए’ (1983) आणि ‘पोलीस स्टोरी’ (1985) आले तोवर बाजार तिचाच झाला होता. म्हणून ‘मूळ आवाज कोणता’ हा प्रश्न प्रत्येक चित्रपटाला वेगळा विचारावा लागतो.

चित्राचं काम त्या मानाने सोपं, कारण निगेटिव्ह शिल्लक असेल तर पुन्हा स्कॅन करता येते. आधी फाटकी छिद्रं आणि सुटलेले जोड दुरुस्त करायचे, मग फिल्म धुवायची. वेट-गेट स्कॅनरमधला द्रव पायाभूत थरावरच्या ओरखड्यांत भरतो, प्रकाश तिथे वाकत नाही आणि ओरखडा दिसेनासा होतो. इमल्शनच (चित्र असलेला थर) खरवडलं असेल तर हा उपाय चालत नाही. स्कोप (रुंद पडद्याच्या) चित्रपटांत दोन चौकटींमधली जागा अगदी अरुंद असते. त्यामुळे जोडाचा गोंद चित्रात येतो आणि प्रत्येक कटला चौकट हलते. ती हातानेच स्थिर करावी लागते.

खरी गोची स्वयंचलित धूळ-सफाईची. एकाच चौकटीत दिसून पुढच्या चौकटीत नाहीशी होणारी वस्तू म्हणजे धूळ, असं सॉफ्टवेअर धरून चालतं. फेकलेला सुरा किंवा तलवारीच्या पात्यावरची चमकही तशीच असते, आणि तीही पुसली जाते. मारामारीच्या रिळांवर ही सफाई बंद ठेवून चौकट-चौकट तपासणं हाच मार्ग. ग्रेन (फिल्मचा दाणेदारपणा) फार काढला तर चेहरे मेणाचे होतात, ते वेगळंच.

आवाजाचं नुकसान झालं ते 2000च्या आसपास. डीव्हीडीवर ‘5.1’ (चहूबाजूंनी येणारा सराउंड आवाज) लिहिलेलं हवं, म्हणून जुना मोनो (एकाच वाहिनीतला आवाज) बाजूला सारून ठोसे आणि गोळ्या नव्याने ध्वनिमुद्रित झाल्या. जुना मोनो आता निगेटिव्हबरोबर मिळेलच असं नाही. तो प्रिंटच्या ऑप्टिकल पट्टीवर (चित्राशेजारची आवाजाची पट्टी), लेझरडिस्कवर किंवा व्हीएचएसवर शोधावा लागतो. पाल या टीव्ही-पद्धतीच्या टेपवरून घेतलेला आवाज सेकंदाला 25 चौकटींच्या हिशेबाने धावतो. 23.976 चौकटींच्या ब्लू-रेवर बसवताना त्याचा वेग 95.9 टक्क्यांवर आणायचा; स्वरही सुमारे पाऊण सेमीटोनने उतरून मूळ जागी येतो. एवढं करूनही तो सलग बसत नाही, कारण प्रिंट तुटल्यावर रिळांच्या टोकांच्या चौकटी गेलेल्या असतात. प्रत्येक रीळ वेगळं जुळवावं लागतं. खरखर काढताना हात आखडता हवा, कारण तो सूंऽऽ आवाज खरखरीच्याच वारंवारतेत असतो.

डिस्कवरच्या ‘मोनो’ या शब्दावर भिस्त ठेवू नये. काही ठिकाणी तो 5.1वरूनच दाबून केलेला असतो. दोन्ही ट्रॅक आलटून-पालटून ऐका: गोळीचा आवाज दोन्हींत तोच असेल, तर तो जुना मोनो नव्हे.