वास्तव-स्थिरक: खोका उघडण्यापूर्वी वाचावे

आमच्याकडे पूर्वी फक्त फ्रिजचे आणि टीव्हीचे स्टॅबिलायझर बनत. वीज २३० व्होल्टच्या फार वर-खाली गेली की आतला रिले टक् करून ट्रान्सफॉर्मरचा टॅप बदलतो आणि फ्रिज वाचतो. वास्तव-स्थिरक त्याच वर्कशॉपमध्ये, त्याच वाइंडिंग मशीनवर तयार होतो. विजेऐवजी तो घरातले वास्तव सांभाळतो, एवढाच फरक. "हे आधी सांगितलं नव्हतं" अशी तक्रार घेऊन येणाऱ्यांना आम्ही हेच पत्रक पुन्हा वाचायला देतो.

तुम्हाला याची गरज आहे का?

जिन्याला काल १७ पायऱ्या होत्या, आज १८ भरतात. एकाच आठवड्यात दोन गुरुवार येतात, आणि दोन्ही दिवशी कचऱ्याची गाडी येत नाही. शेजारच्या पाटीवरचे आडनाव रातोरात बदलते आणि ते पहिल्यापासून तसेच होते असे सगळी बिल्डिंग शपथेवर सांगते. यांपैकी काही घडत असेल तर यंत्र जरूर घ्या. चष्मा सापडत नाही, डब्यांना झाकणे बसत नाहीत, रिक्षावाला नको म्हणतो, ही मात्र वास्तवाची नेहमीचीच वागणूक आहे. त्यासाठी पैसे घालवू नका.

आत काय चालते?

१९६१ साली अमेरिकेतले हवामानशास्त्रज्ञ एडवर्ड लोरेन्झ एक जुने गणित संगणकावर पुन्हा चालवत होते. ०.५०६१२७ ऐवजी त्यांनी ०.५०६ एवढेच भरले. सुरुवातीला आकडे जुळले, मग हळूहळू फाटत गेले आणि शेवटी दोन्ही हवामानांचा एकमेकांशी काडीचा संबंध उरला नाही. या गोष्टीची लोकांना धास्ती वाटते. आमचे म्हणणे असे, की चिमूटभर फरकाने एवढे बिघडते, तर चिमूटभर धक्क्याने सावरताही यायला हवे. तसे सावरता येते हे ऑट, ग्रेबोगी आणि यॉर्क या तिघांनी १९९० मध्ये गणिताने दाखवले, आणि पुढे प्रयोगशाळेत धातूच्या थरथरत्या पट्टीवर ते करूनही पाहिले गेले.

तळहातावर काठी उभी धरणारे पोर हेच करते. काठी जराशी कलली की हात जरासा सरकतो. मात्र तो तेव्हाच सरकायला हवा, नंतर कितीही धावून उपयोग नसतो. म्हणून यंत्र रात्रीही बंद करू नये. दोन गुरुवार होऊन गेल्यावर चालू केले, तर त्यातला एक परत घेता येत नाही.

'धरा' बटणाविषयी

सर्वाधिक तक्रारी याच बटणाच्या येतात. चांगले-वाईट यंत्राला कळत नाही. बटण दाबताना घर जसे असेल तसेच ते धरून ठेवते. पाहुणे मुक्कामी असताना दाबू नये. एका ग्राहकांनी नवरा-बायकोचे भांडण ऐन रंगात असताना दाबले, तर आमचा माणूस पोचेपर्यंत दोघांचेही म्हणणे बरोबर ठरत राहिले. सकाळी पाणी भरून झालेले, दूध उतू न गेलेले, घरातली माणसे आपापल्या कामाला लागलेली, अशी वेळ साधावी.

बसवणे

अर्थिंग खरे हवे. पुष्कळ घरांत सॉकेटला तीन भोके असतात, पण मागे तिसरी वायर लोंबकळत असते. आमचा वायरमन फेज आणि अर्थिंगच्या मध्ये बल्ब लावून बघेल. पेटला तरच पुढचे काम. एक यंत्र दोन बेडरूमच्या फ्लॅटला पुरते. जिना सोसायटीचा असतो, त्यासाठी कमिटीचा ठराव आणावा.

महिन्यातून एकदा चाचणी

कुठलीही चार आकडी संख्या घ्या, फक्त चारही आकडे सारखे नकोत. ते आकडे उतरत्या क्रमाने मांडून त्यातून चढत्या क्रमाची संख्या वजा करा, आणि येईल त्या उत्तरावर पुन्हा तेच. उदाहरणार्थ ३५२४:

५४३२ − २३४५ = ३०८७
८७३० − ०३७८ = ८३५२
८५३२ − २३५८ = ६१७४

यापुढे ६१७४ हलत नाही. देवळालीचे शाळामास्तर दत्तात्रेय रामचंद्र कापरेकर यांनी १९४९ मध्ये ही गंमत शोधली. कुठूनही निघा, जास्तीत जास्त सात वजाबाक्यांत इथेच येता. वास्तव ढळते तेव्हा पायऱ्या, पाट्या, वार आधी जातात. गणित सगळ्यात शेवटी. दुसरे उत्तर आले तर प्रथम हातचा तपासा, बहुतेक वेळा तोच विसरलेला असतो. तरीही येत नसेल तर मेन स्विचला हात न लावता आम्हाला कळवा.

वॉरंटी एक वर्षाची, आणि वर्ष आमच्या कॅलेंडरप्रमाणे मोजले जाईल. मूळ बिल लागेल. त्यावरचे तुमचे किंवा आमचे नाव मधल्या काळात बदलले असले तरी चालेल, जीएसटी क्रमांक मात्र तोच हवा.