८२ सामन्यांची चौकट मोडली तेव्हा

एप्रिलच्या मध्यावर एनबीए या अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगची साखळी फेरी संपली, की लगेच प्ले-ऑफ, म्हणजे बाद फेरीच्या मालिका, सुरू होत नाहीत. आधी काही दिवस ‘प्ले-इन’ चालतं. पूर्व आणि पश्चिम अशा दोन्ही कॉन्फरन्समधले, म्हणजे गटांमधले, सातव्या ते दहाव्या क्रमांकाचे संघ उरलेल्या दोन-दोन जागांसाठी झुंजतात. अलीकडे बास्केटबॉल पाहू लागलेल्यांना हा प्रकार पूर्वापार चालत आल्यासारखा वाटतो. प्रत्यक्षात तो अमलात आला कोविडच्या साथीत घडलेल्या ओढाताणीतून. मार्च २०२० पासून पुढची दोन वर्षं या लीगचं वेळापत्रक कितीदा तरी मोडलं आणि पुन्हा जुळवलं गेलं. त्यातलं बरंच काही आता विस्मरणात गेलंय. पण आज एनबीए ज्या रूपात दिसते, ते समजून घ्यायचं तर त्या दिवसांकडे जावंच लागतं.

१९६७-६८ च्या हंगामापासून एनबीएतला प्रत्येक संघ साखळीत ८२ सामने खेळत आला. आज ३० संघ आहेत, म्हणजे एकूण १,२३० सामने. आपल्या डिव्हिजनमधल्या (कॉन्फरन्समधल्या पाच संघांच्या उपगटातल्या) चार संघांशी प्रत्येकी चार, समोरच्या कॉन्फरन्समधल्या पंधरा संघांशी प्रत्येकी दोन, आणि आपल्याच कॉन्फरन्समधल्या उरलेल्यांशी तीन किंवा चार, असं ते गणित. ऑक्टोबरमध्ये सुरुवात, जूनमध्ये अंतिम मालिका. कागदावर हे सोपं दिसतं. पण अनेक शहरांत तेच सभागृह आइस हॉकीलाही लागतं, गाण्यांच्या कार्यक्रमांनाही लागतं. टीव्ही वाहिन्यांना ठरलेल्या वारी मोठे संघ हवे असतात. खेळाडूंना एका किनाऱ्यावरून दुसऱ्या किनाऱ्यावर रात्रीतून न्यायचं असतं. मालक, वाहिन्या, सभागृहं आणि खेळाडू या सगळ्यांमधली तडजोड म्हणजे हे वेळापत्रक. त्यातली एक तारीख हलली की दहा हलतात.

ही चौकट त्याआधी दोनदाच मोडली होती. १९९८-९९ मध्ये ५० सामन्यांचा हंगाम झाला, २०११-१२ मध्ये ६६ चा. दोन्ही वेळा कारण पैशाचं भांडण होतं. मालकांनी टाळेबंदी केली, करार झाला आणि उशिरा का होईना खेळ सुरू झाला. दोन्ही वेळा घोळ हंगाम सुरू होण्याआधीचा होता. भर हंगामात, तीन-चतुर्थांश सामने होऊन गेल्यावर खेळ थांबेल आणि पुन्हा कधी सुरू होईल हे कुणालाच सांगता येणार नाही, असा प्रसंग लीगने पाहिलेला नव्हता.

त्या २०१९-२० च्या हंगामाचा मुंबईशीही संबंध आहे. ऑक्टोबर २०१९ च्या पहिल्या आठवड्यात वरळीच्या एनएससीआय डोममध्ये इंडियाना पेसर्स आणि सॅक्रामेंटो किंग्ज हंगामपूर्व सामने खेळून गेले. भारतात झालेले एनबीएचे ते पहिलेच सामने. किंग्जचे मालक विवेक रणदिवे मूळचे मुंबईचेच. ४ ऑक्टोबरचा पहिला सामना शाळकरी मुलांनी भरलेल्या सभागृहात ओव्हरटाइमपर्यंत रंगला आणि पेसर्सनी तो १३२-१३१ असा जिंकला. त्यानंतर जेमतेम पाच महिन्यांनी, ज्या रात्री सगळं थांबलं, तेव्हा शेवटी रद्द झालेला सामना याच किंग्जचा होता.

खरं तर धोक्याची घंटा आधीच वाजली होती. चीनची व्यावसायिक लीग जानेवारीच्या अखेरीसच बंद पडली होती. अमेरिकेत मात्र मार्च उजाडला तरी चर्चा चालली होती ती खेळाडूंनी चाहत्यांशी हस्तांदोलन करावं की मुठीला मूठ लावावी याची. ११ मार्चला सॅन फ्रान्सिस्को शहराने मोठ्या जमावांवर बंदी घातली, आणि गोल्डन स्टेट वॉरियर्सचा पुढचा सामना रिकाम्या सभागृहात होणार असं जाहीर झालं. तेवढ्यावर भागेल अशी आशा होती.

त्याच संध्याकाळी, म्हणजे आपल्याकडे १२ मार्चच्या पहाटे, ओक्लाहोमा सिटीत थंडर आणि युटा जॅझ यांचा सामना सुरू व्हायला काही क्षण उरले होते. खेळाडू कोर्टवर उतरले होते, प्रेक्षक उभे होते. तेवढ्यात थंडरच्या वैद्यकीय चमूचे प्रमुख धावत पंचांकडे आले. पंचांनी दोन्ही प्रशिक्षकांना बोलावलं, थोडी कुजबुज झाली आणि दोन्ही संघ आत निघून गेले. लोकांना वाटलं, घड्याळात काही बिघाड असेल. मध्यंतरासाठी बोलावलेल्या गायकाला वेळ काढायला आधीच उभं केलं गेलं. अर्ध्या तासाने घोषणा झाली की सामना होणार नाही, सगळ्यांनी शांतपणे घरी जावं. जॅझचा सेंटर रूडी गोबेर याची चाचणी पॉझिटिव्ह आली होती. तो त्या वेळी सभागृहात नव्हताही. थोड्याच वेळात लीगने हंगाम स्थगित केला. डॅलसमध्ये मॅव्हरिक्स आणि नगेट्सचा सामना चालू होता, तो पुरा होऊ दिला. सॅक्रामेंटोत किंग्ज आणि न्यू ऑर्लिन्स पेलिकन्सचे खेळाडू सराव करून तयार होते. पण पंचांपैकी एकाने दोन दिवसांपूर्वी जॅझच्या सामन्यात काम केलं होतं, म्हणून तो सामनाही रद्द झाला.

त्या क्षणी ९७१ सामने झाले होते, २५९ उरले होते.

हे थांबणं केवळ बास्केटबॉलपुरतं राहिलं नाही. जागतिक आरोग्य संघटनेने त्याच दिवशी कोविडला महासाथ म्हटलं होतं. पण सामान्य अमेरिकन माणसाला परिस्थितीचं गांभीर्य पटलं ते एनबीए बंद पडल्यावर, असं मला वाटतं. पुढच्या दोन दिवसांत हॉकी, बेसबॉल आणि कॉलेजांचं बास्केटबॉल असं सगळंच बंद झालं.

मग सुरू झाला हिशोब. कमिशनर अॅडम सिल्व्हर यांनीच सांगितलं होतं की लीगच्या उत्पन्नातला सुमारे ४० टक्के वाटा सामन्याच्या रात्री सभागृहात जमणाऱ्या पैशाचा असतो. तो गेला. उरला टीव्हीचा पैसा, आणि तो सामने झाले तरच मिळणार. खेळाडूंच्या करारात अशा आपत्तीसाठी कलम होतं. त्यानुसार रद्द होणाऱ्या प्रत्येक सामन्यामागे वार्षिक पगाराचा साधारण एक टक्का कापता येत होता. १५ मेपासून पगारातला चौथा हिस्सा राखून ठेवायला सुरुवात झाली. म्हणून ‘किती सामने खेळवायचे’ हा प्रश्न खेळाचा जितका, तितकाच पैशाचाही होता. स्थानिक क्रीडावाहिन्यांच्या करारांत साधारण ७० सामन्यांचा आकडा महत्त्वाचा होता, आणि संघ ६३ ते ६७ सामन्यांवर अडकले होते. प्रत्येकी आठ सामने वाढवले की बहुतेकांची सत्तरी गाठली जाणार होती. पुढे आठ हाच आकडा ठरला, त्यामागे ही बेरीजही होती.

४ जूनला मालकांनी २९ विरुद्ध १ मतांनी योजना मान्य केली. ३० पैकी २२ संघ बोलवायचे, प्रत्येकाने आठ सामने खेळायचे, मग नेहमीसारखे प्ले-ऑफ. आठव्या आणि नवव्या क्रमांकात चार सामन्यांपेक्षा जास्त अंतर नसेल, तर त्या दोघांत प्ले-इन. विरोधी मत एकट्या पोर्टलंडचं होतं. पुढे याच योजनेचा मोठा फायदा पोर्टलंडलाच झाला. उरलेल्या आठ संघांचा हंगाम मात्र ११ मार्चलाच संपल्यात जमा झाला. त्यांना डिसेंबरपर्यंत एकही अधिकृत सामना मिळाला नाही.

जागा ठरली फ्लोरिडात ऑरलँडोजवळच्या डिस्ने वर्ल्डचं क्रीडासंकुल. ७ जुलैपासून संघ पोहोचू लागले. नियमांची पुस्तिका शंभराहून अधिक पानांची होती आणि ती वाचताना भीती किती खोल होती ते कळतं. पत्त्यांचा जोड एकदा खेळून झाला की फेकून द्यायचा. टेबल टेनिस खेळायचं तर एकेरीच, दुहेरी नाही. आल्याआल्या खोलीत कोंडून घ्यायचं, चाचण्या निगेटिव्ह आल्या की बाहेर पडायचं, आणि नंतर रोज चाचणी. बाहेर पाऊल टाकलं की परतल्यावर विलगीकरण. एका अंत्यविधीसाठी परवानगी घेऊन गेलेला क्लिपर्सचा लू विल्यम्स वाटेत अटलांटातल्या एका क्लबमध्ये जेवण घ्यायला थांबला, त्याला दहा दिवस खोलीत काढावे लागले. या सगळ्यावर लीगने १८ कोटी डॉलरच्या आसपास खर्च केला आणि त्यातून सुमारे दीड अब्ज डॉलरचं नुकसान टळलं, असं तेव्हा सांगितलं गेलं. पण माझ्या लेखी त्याहून मोठी गोष्ट ही, की विलगीकरण संपवून आत आलेल्या एकाही खेळाडूला तिथे असताना लागण झाली नाही. फ्लोरिडात त्याच वेळी साथ भडकली होती.

३० जुलैला खेळ पुन्हा सुरू झाला. पहिला सामना जॅझ विरुद्ध पेलिकन्स, आणि पहिली बास्केट गोबेरची. प्रवासच नव्हता, त्यामुळे एका दिवसात सहा-सात सामने तीन कोर्टांवर दुपारपासून रात्रीपर्यंत चालायचे. संघांचे एकूण सामने सारखे नव्हते. कुणाचे ७१, कुणाचे ७५. त्यामुळे क्रमवारी विजयाच्या टक्केवारीवर लावावी लागली. फिनिक्स सन्सनी आठच्या आठ सामने जिंकले, मेम्फिसइतकेच विजय मिळवले, तरी बरोबरी सोडवण्याच्या नियमात (टायब्रेकरमध्ये) मागे पडून ते बाहेर गेले. त्या संघाबद्दल आजही हळहळ वाटते. १५ ऑगस्टच्या प्ले-इनमध्ये पोर्टलंडने मेम्फिसला १२६-१२२ असं हरवलं.

वेळापत्रक आणखी एकदा थांबलं, आणि त्याचं कारण साथ नव्हती. विस्कॉन्सिनमधल्या केनोशात पोलिसांनी जेकब ब्लेक या कृष्णवर्णीय माणसावर गोळ्या झाडल्या. २६ ऑगस्टला त्याच राज्यातला मिलवॉकी बक्सचा संघ ऑरलँडो मॅजिक संघाविरुद्ध कोर्टवर उतरलाच नाही. बाकीचे सामनेही थांबले आणि २९ ऑगस्टला पुन्हा सुरू झाले. मेमध्ये जॉर्ज फ्लॉइडचा खून झाल्यापासून अनेक खेळाडू विचारत होते की अशा वेळी खेळायचं तरी का. त्यांचा प्रश्न रास्त होता. सगळे एकाच आवारात राहत होते, म्हणून तो निर्णय एका रात्रीत एकत्र बसून घेता आला.

११ ऑक्टोबरला लेकर्सनी मायामी हीटला सहाव्या सामन्यात हरवून विजेतेपद मिळवलं. हंगाम सुरू झाला होता २२ ऑक्टोबर २०१९ ला. म्हणजे जवळजवळ वर्षभर. १७१ सामने कायमचे रद्द झाले.

यानंतर जे झालं त्याची चर्चा कमी होते, पण खेळाडूंना ते जास्त महागात पडलं. पुढचा हंगाम कधी सुरू करायचा? खेळाडूंना जानेवारी हवा होता. लीगला नाताळच्या सामन्यांचा टीव्हीचा पैसा सोडायचा नव्हता, शिवाय जुलै २०२१ मधल्या टोकियो ऑलिंपिकच्या आधी हंगाम संपवायचा होता. २२ डिसेंबर ठरला. १८ नोव्हेंबरला ड्राफ्ट, म्हणजे नव्या खेळाडूंची निवड, दोनच दिवसांनी करार संपलेल्या खेळाडूंशी बोलणी, १ डिसेंबरपासून सराव. लेकर्स आणि हीट यांना अंतिम सामन्यानंतर जेमतेम सव्वादोन महिने मिळाले.

सामने ७२ केले गेले: आपल्या कॉन्फरन्समधल्या प्रत्येकाशी तीन, समोरच्यांशी दोन. प्रवास कमी व्हावा म्हणून एकाच शहरात त्याच संघाशी लागोपाठ दोन सामने ठेवले. आणि शहाणपणाची गोष्ट म्हणजे वेळापत्रक अर्धंच जाहीर केलं, मार्चच्या सुरुवातीपर्यंतचं. उरलेलं नंतर, पुढे ढकललेले सामने सामावून घेत. त्याची गरज दुसऱ्याच दिवशी पडली. ह्यूस्टनकडे सामन्याला लागणारे किमान आठ खेळाडूही उपलब्ध नव्हते, सामना पुढे गेला. जानेवारीत वॉशिंग्टनचे लागोपाठ सहा सामने गेले. अशा ढकललेल्या सामन्यांची भरपाई म्हणून सॅन अँटोनियो आणि मेम्फिस यांना दुसऱ्या टप्प्यात ६८ दिवसांत ४० सामने खेळावे लागले. कॅनडाच्या सीमेवरच्या निर्बंधांमुळे टोरंटो रॅप्टर्स अख्खा हंगाम फ्लोरिडातल्या टँपात ‘घरचे’ सामने खेळले.

शरीरांनी याचा हिशोब मागितला. २०२१ च्या प्ले-ऑफमध्ये अँथनी डेव्हिस, कावाय लेनर्ड, कायरी अर्व्हिंग, जोएल एम्बीड, यानिस अँटेटोकुंपो असे एकेक तारे दुखापतींमुळे सामन्यांना मुकले. आपण हंगामाच्या सुरुवातीबद्दल इशारा दिला होता, कुणी ऐकलं नाही, असं लेब्रॉन जेम्सने उघडपणे लिहिलं. प्रत्येक दुखापतीचं खापर वेळापत्रकावर फोडता येणार नाही. तरी आधीच्या अंतिम मालिकेतले दोन्ही संघ पहिल्याच फेरीत बाद झाले आणि नऊ महिने घरी बसलेला अटलांटाचा संघ कॉन्फरन्सच्या अंतिम फेरीत गेला, हे नजरेआड करता येत नाही. अंतिम मालिका २० जुलैला संपली. जिंकलेल्या बक्सचे जरू हॉलिडे आणि ख्रिस मिडलटन, हरलेल्या सन्सचा डेव्हिन बुकर, असे तिघे थेट टोकियोला गेले आणि २५ जुलैला अमेरिकेकडून फ्रान्सविरुद्ध खेळले. अमेरिका तो सामना हरली, पुढे सुवर्ण मात्र मिळालं.

२०२१-२२ मध्ये ८२ सामने परतले. डिसेंबरात ओमिक्रॉनने अकरा सामने पुढे ढकलायला लावले, पण या वेळी संघांना तात्पुरते खेळाडू भरण्याची मुभा देऊन गाडी चालू ठेवली गेली.

राहता राहिलं प्ले-इन. ही कल्पना साथीतून जन्मली नव्हती. २०१९ च्या अखेरीस लीगने प्ले-इन, हंगामातली एक छोटी स्पर्धा आणि ७८ सामने असा प्रस्ताव मालकांपुढे मांडला होता. एकमत होईना, म्हणून जानेवारी २०२० मध्ये तो बाजूला पडला. साथीने मालकांना तो करून पाहायला लावला. २०२१ मध्ये सातव्या ते दहाव्या क्रमांकांचं प्ले-इन झालं, उत्कंठा वाढली, टीव्हीला प्रेक्षक मिळाले, आणि जुलै २०२२ मध्ये ते कायम झालं. एका शहरात लागोपाठ दोन सामन्यांची पद्धतही थोड्या प्रमाणात टिकली. हंगामातली स्पर्धा २०२३ मध्ये आली. ७८ सामने मात्र कुणी मान्य केले नाहीत, कारण चार सामने कमी म्हणजे प्रत्येक संघाच्या घरच्या दोन रात्रींची तिकिटं कमी. साथीने दाखवलेला थकवा पाहता हा प्रस्ताव पुन्हा विचारात घ्यायला हवा होता, असं माझं ठाम मत आहे. सध्या प्रत्येक संघाचे ऑगस्टमध्ये ८० सामनेच जाहीर होतात. उरलेले दोन त्या छोट्या स्पर्धेच्या निकालांवर, डिसेंबरात ठरतात.