पार्श्वभूमी : पानेवाडीचे टँकर आणि 'लवकरच' हा शब्द

अपघातात माणूस दगावल्यावर चालकाला होणारी शिक्षा वाढवणाऱ्या नव्या कायद्याविरोधात 1 जानेवारी 2024 रोजी मनमाडजवळच्या पानेवाडीत टँकरचालकांनी स्टिअरिंग सोडलं. तेल कंपन्यांचे डेपो तिथेच असल्याने झळ लगेच नाशिकला बसली. पंपांवर रांगा लागल्या, कुठे दोरी बांधून 'पेट्रोल नाही'ची पाटी लागली. रोजच्या धंद्यावर घर चालवणारे रिक्षावाले रांगेत ताटकळले आणि राग निघाला तो ड्रायव्हरांवर.

हयगयीने मृत्यू घडवल्यास जुन्या दंड संहितेच्या कलम 304-अ मध्ये कमाल 2 वर्षं कैद होती. हे कलम 1870 सालचं. डिसेंबर 2023 मध्ये संसदेने मंजूर केलेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम 106 मध्ये ती 5 वर्षं झाली आणि वाहनचालक न कळवता पळून गेल्यास 10 वर्षांपर्यंत. 7 लाखांच्या दंडाचा मेसेज तेव्हा मोबाइलवर फिरत होता. कलमात दंड आहे, पण रक्कम नाही.

खरी मेख 'कळवण्या'त आहे. घटनेनंतर 'लवकरच' पोलिसांना किंवा दंडाधिकाऱ्याला कळवायचं, असं कलम 106 चं 10 वर्षांच्या शिक्षेचं पोटकलम 2 म्हणतं. लवकर म्हणजे किती? 1988 च्या मोटार वाहन कायद्याचं कलम 134 यासाठी 24 तास देतं. जखमीला उपचार मिळवून देणं हे चालकाचं कर्तव्य आहे, असं तेच कलम सांगतं आणि जमावाच्या रोषामुळे ते शक्य नसेल तर सूटही देतं. नव्या पोटकलमात जमावाचा उल्लेखच नाही. राहुड घाटात रात्री गाडी कोणाला लागली, लोक धावत आले, की क्लीनरच ओरडतो, "खाली उतरू नको!" चालकाने पुढचं ठाणं गाठलं, तर तो पळाला म्हणायचं की कळवायला गेला? सगळं त्या 'लवकरच'वर येऊन थांबतं.

ज्यांचं माणूस गेलं त्यांना 2 वर्षं ही शिक्षाच वाटत नव्हती, आणि तेही खरं. पण 10 वर्षांची भीती घालणारं हे पोटकलम जखमीला दवाखान्यात नेण्याबद्दल अवाक्षर काढत नाही.

2 जानेवारीला केंद्राने वाहतूकदारांना शब्द दिला की चर्चेशिवाय हे पोटकलम लागू होणार नाही. फेब्रुवारीत अधिसूचना निघाली : संहिता 1 जुलै 2024 पासून लागू, 106(2) वगळून. 5 वर्षांचं पोटकलम मात्र त्याच दिवसापासून चालू झालं.